वावरातले खडे काय सांगतात?



आपल्या वर्धा जिल्ह्याला समुद्र नाही. शंख-शिंपले वेचायला किनारा नाही. पण वर्धा, यशोदा, धाम, बोर, वणा या नद्यांची पात्रे आहेत, नाले आहेत, बरड्या आहेत, आणि वखराला खणकन लागणारे गोटे तर बहुतेक वावरांत आहेत. त्यातले रंगीत, चकचकीत, गुळगुळीत खडे लेकरे खिशात भरून घरी आणतात. आई कपडे धुताना खिसे उलटे करते आणि खडे अंगणात फेकते. "कशाला हा कचरा घरात?" हे वाक्य तुमच्याही घरात ऐकू येत असेल.

मी शेतकी शाखेचा पदवीधर. नोकरीच्या सुरुवातीला मीही या खड्यांना कचराच समजत होतो. त्या समजुतीची किंमत मला नाही, एका शेतकरी कुटुंबाला मोजावी लागली. म्हणून आज बियाणे, खते, फवारणी बाजूला ठेवून खड्यांविषयी लिहीत आहे.

डालड्याचा डबा

१९९६ सालची गोष्ट. रोजगार हमीतून फळबागा लावण्याची योजना सुरू होऊन पाच-सहा वर्षे झाली होती. आर्वीकडच्या एका गावात एका शेतकऱ्याला दोन एकरांत संत्रा लावायचा होता. जमीन पाहायला मी गेलो. वरची माती काळी, भुसभुशीत. हातभर खड्डा खणून पाहिला, तिथपर्यंतही काळीच. मी खूश झालो.

घरी ओसरीवर चहा घेत असताना त्यांची सहावीतली मुलगी डालड्याचा एक जुना डबा घेऊन आली आणि तिने तो माझ्यापुढे ओतला. लाल, पांढरे, हिरवट, पट्ट्यापट्ट्यांचे किती तरी खडे! त्यातच ओंजळभर मळकट पांढरे, ओबडधोबड, आल्याच्या गड्ड्यासारखे खडे होते.

"हे कुठले गं?" मी विचारले.

"आपल्याच वावरातले. नवी विहीर खंदली ना, तिच्या मातीतले. दोन हात खाली लई आहेत."

"छान आहेत," असे म्हणून मी ते डब्यात परत टाकले, चहा संपवला आणि जमीन संत्र्याला योग्य असल्याचा कागद लिहून दिला. त्या पावसाळ्यात कलमे लागली.

पुढे काय झाले ते सांगणारच आहे. पण त्याआधी खड्यांशी थोडी ओळख करून घेऊ, म्हणजे माझी चूक कोठे झाली ते तुम्हालाच कळेल.

हे खडे आले कोठून?

आपण ज्या काळ्या दगडावर राहतो तो एके काळी पातळ, तापलेला, वाहणारा रस होता. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी जमिनीला भेगा पडून हा लाव्हा बाहेर आला, पसरला, थिजला. त्यावर पुन्हा दुसरा थर आला, तिसरा आला. आजही सुमारे ५ लाख चौरस किलोमीटर प्रदेश या थरांनी झाकलेला आहे. सह्याद्रीचे कडे याच दगडाचे. आपला जिल्हा या पसाऱ्याच्या पूर्वेकडच्या कडेला येतो.

तव्यावर धिरडे घातले की वर जाळी पडते ना? आतली वाफ बाहेर पडते आणि छिद्रे राहतात. लाव्हा थिजताना तसेच झाले. आतले वायू वर आले आणि दगडात लहानमोठी पोकळ छिद्रे राहिली. पुढे लाखो वर्षे त्यांत पाणी झिरपत राहिले. पाण्यात विरघळलेली द्रव्ये छिद्रांच्या भिंतींवर थराथराने बसली आणि छिद्रे भरत गेली. कोठे गारगोटी झाली, कोठे अकीक, कोठे झिओलाइट.

काळा दगड ऊन-पावसाने कुजतो. त्याचा मुरूम होतो आणि मुरमाची काळी माती होते. छिद्रातली गारगोटी आणि अकीक मात्र कुजत नाहीत. दाणे मळून भूस उडवल्यावर दाणा मागे राहतो, तसे हे खडे मागे राहतात. म्हणून ते वावरात सापडतात, आणि पुराबरोबर वाहत जाऊन नदीच्या पात्रात गोल गुळगुळीत होतात.

गिरडची टेकडी

या गोष्टीचा सर्वांत नामांकित नमुना आपल्याच जिल्ह्यात आहे. समुद्रपूर तालुक्यातील गिरडच्या टेकडीवर बाबा शेख फरीद यांचा दर्गा आहे. हिंदू आणि मुसलमान दोघेही तेथे श्रद्धेने जातात. त्या टेकडीवर जायफळाएवढे, सुपारीएवढे गोल खडे पडलेले असतात.

त्यांची कथा १९०८ सालच्या इंपिरिअल गॅझेटियरमध्येही नोंदलेली आहे. दोन फिरते व्यापारी माल घेऊन चालले होते. त्यांनी बाबांची थट्टा केली. बाबांनी त्यांच्या साऱ्या मालाचे दगड केले. व्यापारी शरण आले, तेव्हा बाबांनी वाळक्या पानांपासून त्यांना नवा माल करून दिला. ते पाहून दोघे कायमचे बाबांच्या सेवेत राहिले. टेकडीवरच्या दोन कबरी त्यांच्याच आहेत, असे लोक सांगतात.

त्याच गॅझेटियरने हे खडे झिओलाइटचे गोळे असल्याचे म्हटले आहे. म्हणजे लाव्हाच्या छिद्रांत भरलेले आणि दगड कुजल्यावर मोकळे झालेले. श्रद्धेची गोष्ट श्रद्धेच्या जागी आणि दगडाची गोष्ट दगडाच्या जागी, दोन्ही आपल्याला ठाऊक असाव्यात. मला तर त्या कथेत आपल्या जुन्या माणसांची नजर दिसते. हा दगड आसपासच्या दगडांसारखा नाही, हे त्यांनी ओळखले होते आणि त्याचे कारण शोधले होते.

खडे ओळखायचे कसे?

आता एकेक खडा हातात घेऊ.

गारगोटी. पांढरी किंवा पारदर्शक, काचेसारखी चमक. कधी गोटा फुटला की आत टोकदार स्फटिकांची दाटी दिसते. फार कठीण. पूर्वी काडेपेटी नव्हती तेव्हा पोलादाच्या तुकड्यावर गारगोटी मारून ठिणगी पाडत आणि कापसावर झेलत. तुमच्या घरातल्या आजोबांना चकमक हा शब्द आठवत असेल. मुलांसाठी एक गंमत आहे. अंधाऱ्या खोलीत दोन गारगोट्या एकमेकींवर जोराने घासा. क्षणभर फिकट उजेड दिसतो.

अकीक. हा गारगोटीचाच भाऊ. वरून ओबडधोबड दिसतो, पण फुटलेली बाजू मेणासारखी तुकतुकीत असते. उजेडासमोर धरला की कडेतून प्रकाश आरपार येतो. आत कांद्याच्या पापुद्र्यांसारखे पट्टे असतात. करडा, दुधी, पिवळसर, तपकिरी असे त्याचे रंग. लोहामुळे तांबूस झालेला खडाही मिळतो. गुजरातेत खंभातचे कारागीर शतकानुशतके असे खडे तापवून त्यांचा रंग गडद करतात आणि मणी घडवतात. आपल्या विदर्भातही ही कला होती. नागपूरजवळच्या माहुरझरीला अकीकाचे प्राचीन मणी मोठ्या संख्येने सापडले आहेत.

लाल गोटा. विटेसारखा किंवा काळजासारखा लाल, कधी पिवळा, कधी हिरवा. कठीण आणि गुळगुळीत, पण उजेड आरपार जात नाही. याला जास्पर म्हणतात. अकीक आणि जास्पर यांत घोटाळा झाला तर उजेडाची परीक्षा करावी.

झिओलाइट. पांढरा, दुधी किंवा फिका गुलाबी. फोडला तर आत सुया किंवा मोत्यासारखे चमकणारे पापुद्रे दिसतात. त्यातल्या स्टिल्बाइट नावाच्या जातीचे स्फटिक तर गव्हाची पेंढी मधोमध आवळून बांधावी तसे असतात. शेतकऱ्याला ते ओळखायला वेळ लागू नये! १७५६ साली एका स्वीडिश शास्त्रज्ञाने या दगडाला झिओलाइट, म्हणजे उकळणारा दगड, असे नाव दिले. कारण तापवला की आतले पाणी वाफ होऊन बाहेर पडते आणि दगडावर फेस आल्यासारखा दिसतो. अमोनिया, पोटॅश यांसारखी द्रव्ये धरून ठेवण्याचा गुणही त्याच्यात आहे. महाराष्ट्रातले झिओलाइट जगभरच्या संग्रहालयांत मानाने ठेवलेले असतात. नाशिकला जाणे झाले तर जवळच सिन्नरला गारगोटी संग्रहालय आहे, ते मुलांना अवश्य दाखवा.

कॅल्साइट. पांढरा किंवा मधासारखा पिवळा. याची खूण म्हणजे तो फुटतो तेव्हा तिरकस चौकोनी तुकडे पडतात आणि प्रत्येक बाजू सपाट असते. स्वच्छ तुकडा वहीच्या रेघेवर ठेवा, एका रेघेच्या दोन रेघा दिसतात.

चुनखडी. मळकट पांढरी, ओबडधोबड, आल्याच्या गड्ड्यासारखी किंवा हरभऱ्याएवढ्या दाण्यांची. चमक अजिबात नाही. संग्रह करणारे याला हात लावत नाहीत. शेतकऱ्याने मात्र सर्वांत आधी हाच खडा ओळखावा.

तीन सोप्या परीक्षा

खडा ओळखायला प्रयोगशाळा लागत नाही. घरातल्या वस्तू पुरतात.

पहिली परीक्षा ओरखड्याची. खड्याने जुन्या बाटलीच्या बुडावर ओरखडा काढा. बाटली फोडू नका. काचेवर ओरखडा उमटला तर तो बहुधा गारगोटी, अकीक किंवा जास्पर. काचेवर काही उमटले नाही आणि उलट चाकूच्या टोकानेच खड्यावर रेघ पडली, तर झिओलाइट, कॅल्साइट किंवा चुनखडी.

दुसरी परीक्षा उजेडाची. सकाळच्या उन्हासमोर खडा धरा. कडेतून प्रकाश आला तर अकीक, नाही आला तर जास्पर.

तिसरी परीक्षा लिंबाची. पांढरा, मऊ खडा सांडशीने धरून जुन्या दगडावर थोडा ठेचा. चूर्णावर ताज्या लिंबाचा रस पिळा आणि कान जवळ न्या. बारीक बुडबुडे आले, चुरचुर ऐकू आली, तर तो चुन्याचा. म्हणजे कॅल्साइट किंवा चुनखडी. काही झाले नाही तर झिओलाइट असण्याचा संभव अधिक. संडास धुण्याचे ॲसिड या कामासाठी मुलांच्या हातात कधीही देऊ नका. लिंबू पुरेसे आहे.

बस्स, या तीन परीक्षा. यातली तिसरी मी त्या दिवशी ओसरीवर केली असती तर? घरात लिंबू होते. चहाबरोबर आलेल्या पोह्यांवर फोड ठेवलेली होती.

डब्याचा निकाल

ते मळकट पांढरे खडे चुनखडीचे होते. चुनखडी वावरात कशी तयार होते ते पाहा. रोज पाणी तापवता त्या पातेल्याच्या बुडाला पांढरा थर बसतो ना? पाण्यात चुना विरघळलेला असतो, पाणी उडून जाते आणि चुना मागे राहतो. जमिनीतही तेच घडते. काळ्या दगडात चुन्याचा अंश भरपूर असतो. दगड कुजताना तो मोकळा होतो. पावसाचे पाणी त्याला विरघळवून खाली नेते. जेथवर ओल पोहोचते तेथे पाणी थांबते, पुढे उन्हाळ्यात सुकते आणि चुना तेथेच खड्यांच्या रूपाने बसतो. वर्षानुवर्षे हे चालले की दोन-तीन फुटांवर चुनखडीचा थर होतो. वरून जमीन काळीभोर दिसते. खालचे कोणाला दिसत नाही. विहीर किंवा नाला खणला तरच दिसते.

कपाशी, तूर, ज्वारी अशा जमिनीत कमी-अधिक निभावून नेतात. संत्र्याला ते जमत नाही. कलम लहान असते तोवर मुळ्या वरच्या मातीत असतात आणि झाड छान वाढते. तीन-चार वर्षांनी मुळ्या खाली उतरतात आणि चुनखडीला लागतात. चुन्यामुळे जमिनीतले लोह झाडाला मिळेनासे होते. कोठार भरलेले, पण दाराला कुलूप! मग कोवळी पाने पिवळी पडतात, फक्त शिरा हिरव्या राहतात. फांद्या शेंड्याकडून वाळू लागतात.

त्या बागेत नेमके हेच झाले. पहिली तीन वर्षे लोक बाग पाहायला येत. चौथ्या वर्षी पिवळेपणा आला. फेरस सल्फेटच्या फवारण्या केल्या, शेणखत घातले. पाने काही दिवस हिरवी होत आणि पुन्हा पिवळी पडत. फळ धरायच्या वयात झाडांना फळ पेलेना. सातव्या वर्षी, २००३ साली, त्यांनी कुऱ्हाड लावली. सात वर्षांचे पाणी, मजुरी, राखण, आणि त्या दोन एकरांत घेता आली असती ती पिके, सारे गेले.

बाग तोडली त्या दिवशी मी गेलो होतो. रागावतील असे वाटले होते. ते रागावले नाहीत. घरात गेले आणि तोच डालड्याचा डबा आणून माझ्या हातात दिला.

"सायेब," ते म्हणाले, "आता दुसऱ्याच्या वावरात जासान त आंधी लेकरायचा डबा मांगजा."

तो डबा आजही माझ्या टेबलावर आहे. तेव्हापासून फळबागेसाठी जमीन पाहायला गेलो की मी दोन गोष्टी करतो. पहिली, तीन फूट खोल खड्डा खणल्याशिवाय आणि प्रत्येक फुटाचा वेगळा मातीचा नमुना तपासणीला पाठवल्याशिवाय कागदावर सही करत नाही. दुसरी, घरातल्या मुलांना विचारतो, "तुमच्या वावरात कोणकोणते खडे सापडतात?"

तुम्हीही संत्रा-मोसंबी लावणार असाल तर हे करा. जमिनीत मुक्त चुन्याचे प्रमाण १० टक्क्यांहून अधिक निघाले तर संत्र्याचा नाद सोडा. प्रमाण कमी असले, तरी कलम कोणत्या खुंटावर बांधलेले आहे ते विचारा. जंबेरीपेक्षा रंगपूर लाईमचा खुंट चुना अधिक सोसतो. नागपूरच्या केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्थेत याविषयी सल्ला मिळतो. खड्यावर लिंबू पिळून प्रमाण कळत नाही, चुना आहे एवढेच कळते. ते कळले की माती तपासणी टाळू नये, हे शहाणपण.

दगडातला जुना काळ

काही दगड मातीपलीकडचीही गोष्ट सांगतात. लाव्हाचे दोन थर येण्याच्या मध्ये बराच काळ जाई. तेवढ्यात तळी साचत, झाडे वाढत, गोगलगाई नांदत. पुन्हा लाव्हा आला की सारे त्याखाली गाडले जाई. नागपूर-वर्ध्याकडच्या अशा थरांत दगड झालेले शंख आणि लाकूड सापडते. लाकडाच्या आकाराचा, रेषा असलेला पण दगडासारखा जड तुकडा मिळाला तर नीट पाहा.

चंद्रपूर जिल्ह्यात वरोऱ्याजवळ पिसदुरा नावाचे गाव आहे. तेथे प्रचंड आकाराच्या डायनोसॉर प्राण्यांची हाडे सापडतात आणि त्यांच्या शेणाचे दगड झालेले गोळेही सापडतात. लखनौच्या बिरबल साहनी संस्थेतल्या वंदना प्रसाद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या गोळ्यांत गवताचे सूक्ष्म अवशेष असल्याचे २००५ साली जगासमोर मांडले. डायनोसॉरच्या काळात गवत होते, याचा हा मोठा पुरावा ठरला. २०११ साली त्याच शेणात धानाच्या कुळातल्या गवताचेही अवशेष ओळखले गेले. शेणावरून जनावराने काय खाल्ले ते तुम्ही रोज ओळखता. शास्त्रज्ञांनी साडेसहा कोटी वर्षे जुन्या शेणावरून तेच ओळखले!

आणि समुद्र तरी आपल्यापासून किती दूर आहे? अनेकांच्या देवघरात शाळिग्राम असतो. नेपाळातल्या गंडकी नदीच्या पात्रातून तो येतो. त्यावरचे चक्र म्हणजे एके काळी समुद्रात राहणाऱ्या शंखधारी प्राण्याची दगडात उमटलेली खूण आहे.

माणसाच्या हातचे दगडही वावरात मिळतात. पवनारला धाम नदीच्या काठी विनोबांच्या परमधाम आश्रमात शेत खणताना जुनी शिल्पे मिळाली. त्यातले एक भरतभेटीचे म्हणून ओळखले जाते. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी हेच पवनार म्हणजे वाकाटकांचे प्रवरपूर, असे मत मांडले. पुढे १९६७ साली नागपूर विद्यापीठाने तेथे उत्खनन केले.

संग्रह कसा करावा?

खडे वेचायला दोन हंगाम चांगले. एक, मृगाचे पहिले पाऊस पडून गेल्यावर. वखरलेल्या वावरात माती धुऊन खडे उघडे पडतात आणि ओले असल्याने रंग ठसठशीत दिसतो. दुसरा, दिवाळीनंतर, नदीचे पाणी उतरल्यावर. नदी वळण घेते तेथे आतल्या बाजूला गोट्यांचा ढीग बसतो. तेथे पाहावे.

खडा घरी आणला की दातांच्या जुन्या ब्रशने धुवा. चुन्याचा किंवा रंगाचा ठिपका देऊन त्यावर आकडा घाला आणि वहीत पाच गोष्टी लिहा. आकडा, तारीख, कोणते वावर किंवा कोणता नाला, किती खोलीवर सापडला, आणि परीक्षेत काय आढळले. यातला खोलीचा रकाना कधीही रिकामा ठेवू नका. विहीर, बोअर, शेततळे, पाइपलाइनचा चर, काहीही खणले जात असेल तर मुलांना काठावर लांब उभे करून प्रत्येक थरातला एकेक खडा बाजूला काढून द्या. अंड्यांचे ट्रे, मिठाईचे खोके यांत खडे छान बसतात. काही वर्षांत तुमच्या वावराची खडान् खडा माहिती घरात जमा होईल, आणि तीही फुकट.

एखादा खडा ओळखू आला नाही तर शाळेतल्या विज्ञानाच्या गुरुजींना दाखवा. नागपूरला गेलात तर १८६३ साली सुरू झालेले मध्यवर्ती संग्रहालय, म्हणजे आपला अजब बंगला, पाहा. सेमिनरी हिल्सवर भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचे कार्यालयही आहे.

एवढे मात्र सांभाळा

नदीला पूर असताना खड्यांच्या मागे जाऊ नका. नागपूरचे पाद्री स्टीफन हिस्लॉप हे या भागातल्या दगडांचे मोठे अभ्यासक. त्यांच्याच नावाने नागपूरचे हिस्लॉप महाविद्यालय आहे. सप्टेंबर १८६३ मध्ये टाकळघाटची शिळावर्तुळे पाहून रात्री परतताना चढलेला नाला ओलांडायला गेले आणि बुडाले. जाणत्या माणसाला पाण्याने सोडले नाही. शिवाय रेती उपसल्याने पात्रात खोल डोह झालेले असतात, ते वरून कळत नाहीत. मुलांना एकटे पाठवू नका.

मूर्ती, कोरीव दगड, हाडासारखा मोठा दगड मिळाला तर तो उपसू नका. जागेवर खूण करा आणि पोलीस पाटील किंवा तहसीलदारांना कळवा. शिळावर्तुळातला दगड हलवू नका. बोर व्याघ्र प्रकल्पातून काही उचलू नका. गिरडचे खडे गिरडलाच शोभतात. खिशात मावतील एवढे खडे हा छंद झाला. ट्रॉलीभर दगड किंवा रेती उचलायला मात्र शासनाची परवानगी लागते.

आणि एक. तुमच्या वावरातला खडा पाहून "हा लाखाचा आहे, थोडे पैसे द्या, विकून देतो" असे कोणी म्हणाले तर त्याला बसायला पाटही देऊ नका. नागमणी, परीस, नशीब उघडणारा खडा असले काही नसते. साधा अकीक आपल्या भागात ठिकठिकाणी मिळतो. त्याचे मोल बाजारात फार नाही, ओळखण्यात आहे.

यंदा वखरणी झाली की मुला-मुलींना एकेक डबा द्या. पांढरा, मळकट खडा मिळाला की स्वयंपाकघरातून लिंबाची एक फोड आणायला सांगा. चुरचुर ऐकू आली तर वहीत खोलीसकट नोंद करा. आणि आमच्यापैकी कोणी साहेब तुमच्या ओसरीवर चहाला बसला, तर सातबाऱ्याच्या आधी तो डबा त्याच्यापुढे ओता. त्याने हसून बाजूला सारला, तर हा लेख त्याला वाचायला द्या.